शिकारी चित्ता आणि हाताने फिरवायचा कॅमेरा

मूकपटांच्या काळात चित्रित झालेल्या शिकारींत मेलेला वाघ पुष्कळदा दिसतो, जिवंत वाघ क्वचितच. त्याचे कारण बरेचसे यंत्रात आहे. तेव्हाची फिल्म मंद होती, तांबड्या रंगाला जवळजवळ आंधळी होती, आणि हाक्याने उठलेला वाघ दाट सावलीतून येई. त्यामुळे हत्ती, हाकारे आणि शेवटी जनावराशेजारी बंदूक टेकून उभे राहिलेले साहेब एवढेच पट्टीवर नीट उतरे.

बडोदे, कोल्हापूर, भावनगर या संस्थानांतली पाळीव चित्त्यांची शिकार मात्र कॅमेऱ्याला सोयीची होती, कारण ती उघड्या माळावर, भर उजेडात चाले. बैलगाडीला काळवीट फारसे बुजत नाही, म्हणून डोळ्यांवर टोपी चढवलेला चित्ता गाडीतूनच कळपाजवळ नेत. टोपी निघाली की 20-25 सेकंदांत निकाल लागे. कॅमेऱ्याची मूठ सेकंदाला दोनदा फिरवली की 16 चौकटी टिपल्या जात, म्हणजे 20 सेकंदांची धाव अवघ्या 20 फूट फिल्मवर मावे. मग चित्तेवान काळविटाचे रक्त लाकडी पळीत धरून चित्त्याला शिकारीवरून बाजूला घेई.

हे चित्ते रानातूनच धरावे लागत. बंदिवासात त्यांची वीण होत नसे. जहांगीराच्या काळचे एकच उदाहरण सांगितले जाते. ज्या झाडाला चित्ते नखे घासायला येतात, त्याच्याभोवती फास मांडण्याचे काम चित्तेवाले पारधी करीत. पुढे 1871 च्या गुन्हेगार जमाती कायद्याचा शिक्का पारध्यांवरही बसला. विसाव्या शतकाच्या आरंभी देशी चित्ते इतके विरळ झाले, की संस्थानिक ते आफ्रिकेतून मागवू लागले. तेव्हा जुन्या पट्टीत गुजरातच्या माळावर धावणारा चित्ता देशीच असेल असे धरून चालू नये.

कॅमेऱ्याशी बडोद्याचे नाते चलच्चित्रांहून जुने आहे. मुंबईत वॉटसन हॉटेलात 7 जुलै 1896 रोजी पहिला खेळ झाला, त्याआधीच बडोद्याच्या कलाभवन या कला-तंत्र विद्यालयात (त्रिभुवनदास गज्जरांनी ते 1890 मध्ये उभारले) दादासाहेब फाळके छायाचित्रण शिकले होते.

त्या काळची नायट्रेट फिल्म झटकन पेट घेई आणि दमट हवेत आधी चिकट होऊन मग तिची तपकिरी भुकटी होई. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पुण्यात 1964 साली स्थापन झाले. भारतातून चित्ता नामशेष झाल्याचे जाहीर झाले, त्याला तेव्हा 12 वर्षे झाली होती.