जुन्या खात्यात अडकलेला गेम परत कसा मिळवायचा: पात्रता, पुरावे आणि अर्ज

ऑनलाइन विकत घेतलेल्या गेमची मालकी कॉम्प्युटरवर नसते, ती खात्यावर नोंदलेली असते. हे ठाऊक नसल्यानं बरेच जण जुनी हार्ड डिस्क घेऊन तालुक्याच्या दुकानात जातात, फाइली काढून आणतात आणि गेम सुरू केला की पुन्हा लॉगिनचाच चौकोन समोर येतो. हार्ड डिस्क मेली तरी खरेदी शाबूत असते. सोडवायचं असतं ते खातं. इथे मुख्यतः स्टीमच्या, म्हणजे कॉम्प्युटरचे गेम विकणाऱ्या ऑनलाइन दुकानाच्या, खात्याबद्दल सांगितलं आहे. माइनक्राफ्ट आणि मोबाइलवरचे गेम शेवटी आहेत.

खात्याची वाट साधारण तीन कारणांनी बंद होते. ईमेल नेट कॅफेवाल्यानं बनवून दिलेला होता आणि त्याचा पासवर्ड आता कुणालाच आठवत नाही. मोबाइल नंबर रिचार्ज न केल्यानं गेला. किंवा गेम बनवणाऱ्या कंपनीनंच खात्यांची पद्धत बदलली. पहिल्या दोन अडचणींवर इलाज आहे. तिसरीत मुदत असते, आणि ती टळली असेल तर पैसे वाचवण्यासाठी ते आधीच कळलेलं बरं.

कोण अर्ज करू शकतो

ज्यानं खातं उघडलं त्यानंच अर्ज करायचा. पैसे वडिलांच्या किंवा काकांच्या कार्डानं भरले असतील तरी हरकत नाही, मात्र अर्ज भरताना ते शेजारी बसलेले हवेत, कारण कार्डाचा तपशील त्यांच्याच पासबुकातून निघणार आहे. दुसऱ्याकडून चारपाचशे रुपयांत ‘आयडी’ घेतली असेल, तर अर्जाच्या भानगडीत पडू नका. स्टीमच्या करारात खातं विकणं-विकत घेणं चालत नाही आणि पुरावे मूळ मालकाकडेच असतात. बाजारातून आणलेल्या क्रॅक सीडीचाही (कुलूप तोडून केलेल्या चोरट्या नकलेचाही) कसलाच पुरावा होत नाही, कारण त्या गेमची कुठे नोंदच झालेली नसते.

गेम स्टोअरमध्ये दिसत नाही, म्हणून खरेदी बुडाली असं मात्र समजू नका. जीटीए या गेमचे जुने तीन भाग २०२१ साली विक्रीतून काढले गेले. ज्यांनी ते आधीच घेतले होते त्यांच्या लायब्ररीत, म्हणजे खात्यातल्या घेतलेल्या गेमच्या यादीत, ते तसेच राहिले. आधी खातं उघडा, मग लायब्ररी बघा.

पुरावे कुठे सापडतात

सगळ्यात आधी खात्याचं नाव शोधा. इथेच सर्वात जास्त अर्ज फसतात. स्टीमवर दोन नावं असतात. मित्रांना दिसणारं नाव केव्हाही बदलता येतं. लॉगिनचं नाव मात्र खातं उघडताना ठरतं आणि कधीच बदलत नाही. लोक फॉर्ममध्ये पहिलं नाव टाकतात आणि ‘खातं सापडलं नाही’ असं उत्तर आलं की हात टेकतात.

जुना कॉम्प्युटर चालू होत असेल तर हे नाव त्यातच आहे. त्यासाठी नेट लागत नाही, स्टीमही सुरू व्हावं लागत नाही. सी ड्राइव्हमध्ये प्रोग्राम फाइल्स एक्स-८६ हा फोल्डर उघडा. त्यात स्टीम आणि स्टीमच्या आत कॉन्फिग. तिथे लॉगिनयूजर्स नावाची छोटी फाइल दिसेल. ती नोटपॅडमध्ये उघडा. या कॉम्प्युटरवर लॉगिन केलेल्या प्रत्येक खात्याचा तिथे एक कप्पा असतो. वर ७६५६११९नं सुरू होणारा सतरा आकडी क्रमांक, त्याखाली ‘अकाउंटनेम’च्या ओळीत लॉगिनचं नाव आणि त्याच्याही खाली ‘पर्सोनानेम’ म्हणजे दिसणारं नाव. या पानाचा मोबाइलनं फोटो काढून ठेवा. सतरा आकडे वहीत उतरवताना एखादा हमखास चुकतो.

जुन्या कॉम्प्युटरवर विंडोज ७ असेल तर स्टीम तिथे चालणार नाही. १ जानेवारी २०२४ पासून स्टीमनं विंडोज ७, ८ आणि ८.१ ला आधार देणं थांबवलं. अनेकांना हे खात्याचंच बिघडणं वाटतं, पण खात्याचा याच्याशी काही संबंध नाही. अर्ज मोबाइलच्या ब्राउझरमधूनही भरता येतो.

पुढचा पुरावा पैशाचा. जुना ईमेल उघडत असेल तर खरेदीच्या पावतीचा मेल शोधा, त्यात ऑर्डरचा क्रमांक असतो. ईमेल उघडत नसेल तर बँकेत जा. पासबुकात त्या वर्षाची पानं छापलेली नसतील तर खातेदारानं शाखेत साधा अर्ज देऊन त्या काळाचं स्टेटमेंट मागायचं. कार्डानं केलेल्या खरेदीच्या नोंदीत ‘स्टीमगेम्स’ हा शब्द शोधा. इथे एक बारीक गोष्ट आहे. भारतात स्टीमच्या किमती रुपयांत दिसू लागल्या त्या नोव्हेंबर २०१५ पासून. त्याआधीची खरेदी डॉलरमध्ये व्हायची आणि बँक ती रुपयांत फिरवून वर आकार लावायची. म्हणून पासबुकातला आकडा आणि स्टोअरची तेव्हाची किंमत जुळत नाही. अर्जात पासबुकातली रक्कम आणि तारीख जशीच्या तशी लिहा. आठवणीतली किंमत लिहू नका. यूपीआयनं पैसे भरले असतील तर बारा आकडी यूटीआर, म्हणजे त्या व्यवहाराचा क्रमांक, द्या. ती नोंद मधल्या पेमेंट कंपनीच्या नावानंही असू शकते, म्हणून नावापेक्षा तारीख आणि रकमेवरून शोधा.

डब्यातून घेतलेल्या गेमची की, म्हणजे माहितीपुस्तिकेवर किंवा कव्हरच्या आत चिकटवलेली अक्षरं-आकड्यांची पट्टी, हा फार भक्कम पुरावा आहे. ती नव्या खात्यात टाकून बघितली तर ‘आधीच वापरलेली’ असं उत्तर येईल. निराश होऊ नका. ती कुठल्या तरी खात्याला जोडलेली आहे एवढाच त्याचा अर्थ आणि तेच तर तुम्हाला सिद्ध करायचं आहे. अर्ज केल्यावर मिळालेला संदर्भ क्रमांक त्या पट्टीशेजारी पेनानं लिहा, दोन्ही एकाच चौकटीत येतील असा फोटो काढा आणि तो अर्जाला जोडा. फोटो दिवसाउजेडी, अंगणात काढा. ट्यूबलाइटखाली चकचकीत कागदावर उजेड पडतो आणि नेमकी मधलीच अक्षरं पुसल्यासारखी दिसतात.

आधार कार्ड जोडू नका. सेतू केंद्रावर प्रत्येक कामाला आधार लागतं, म्हणून इथेही ते जोडायची सवय असते. पण या अर्जात तुम्ही कोण आहात याला महत्त्व नाही, खरेदी कोणत्या कार्डानं किंवा कीनं झाली याला आहे. कार्डाचे शेवटचे चार अंक पुरे होतात. पूर्ण क्रमांक, मागचा तीन आकडी सीव्हीव्ही, पिन आणि ओटीपी कुणालाही द्यायचा नाही.

अर्ज भरताना

हेल्प डॉट स्टीमपॉवर्ड डॉट कॉम या पानावर साइन-इनसाठी मदत हवी हा पर्याय घ्या. पुढच्या यादीत पासवर्ड विसरलो, खातं चोरीला गेलं, मोबाइलवरचं स्टीम गार्ड (लॉगिनचा जादा कोड देणारी सोय) हरवलं अशा वेगवेगळ्या वाटा असतात. योग्य तीच निवडा. खात्याचं नाव टाकलं की स्टीम जुन्या ईमेलवर कोड पाठवायला निघतं. तिथे थांबा आणि खाली ‘हा ईमेल आता माझ्याकडे नाही’ अशा अर्थाची ओळ आहे ती दाबा. त्याशिवाय पुराव्यांचा फॉर्म उघडतच नाही.

फॉर्ममध्ये आधी वापरलेले ईमेल आणि फोन नंबर विचारतात. जेवढे आठवतील तेवढे सगळे लिहा, बंद पडलेलेही. भाषेच्या यादीत मराठी नाही, म्हणून लहान आणि साध्या इंग्रजी वाक्यांत लिहा. खातं कोणत्या वर्षी उघडलं, पहिला ईमेल कोणता, पहिला गेम कोणता, पैसे कसे भरले आणि आता काय बंद आहे, एवढं पुरतं. उत्तर ज्या चालू ईमेलवर हवं तो दोनदा तपासा. एचटीनं सुरू होणारा संदर्भ क्रमांक कागदावर लिहून ठेवा. त्याच खात्यासाठी दोन-दोन, तीन-तीन अर्ज टाकू नका. नवा पुरावा सापडला तर तो आधीच्याच अर्जात जोडा. स्पॅमचा फोल्डर रोज बघा.

स्टीम गार्ड लावताना आर अक्षरानं सुरू होणारा एक रिकव्हरी कोड मिळतो, आरच्या पुढे पाच आकडे. तो कुठे लिहून ठेवला असेल तर एवढं सगळं करायची गरज नाही, हरवलेल्या फोनचं गार्ड त्यानं काढता येतं.

स्टीमची फोनवरून मदत मिळत नाही. गूगलवर ‘कस्टमर केअर’ म्हणून दिसणारा नंबर फसवणाऱ्याचा असतो. तो आधी स्क्रीन दाखवणारं ॲप टाकायला सांगतो आणि मग बँकेच्या ॲपपर्यंत पोचतो. पैसे गेलेच तर त्याच क्षणी १९३० या सायबर फसवणुकीच्या सरकारी नंबरवर फोन करा.

सिमचा प्रश्न

नंबर अजून तुमच्याच नावावर असेल, फक्त सिम हरवलं किंवा खराब झालं असेल, तर सिम कंपनीच्या गॅलरीतून त्याच नंबरचं दुसरं सिम घ्या. सिम ज्याच्या नावावर आहे त्यानं स्वतः मूळ ओळखपत्र घेऊन जायचं. गावाकडे सिम बरेचदा वडिलांच्या किंवा मोठ्या भावाच्या नावावर असतं, हे निघण्याआधीच बघा, नाहीतर वणी-वरोऱ्यापर्यंतची फेरी वाया जाते. नवं सिम चालू झाल्यावर पहिले चोवीस तास त्यावर एसएमएस बंद ठेवतात. सिम बदलून होणारी फसवणूक रोखण्यासाठी हा नियम आहे. त्या दिवशी ओटीपी येणार नाही. म्हणून लॉगिन दुसऱ्या दिवशी करा. वारंवार कोड मागवत बसलात तर खातं काही काळासाठी अडवलं जातं.

बंद झालेला नंबर किमान नव्वद दिवसांनी दुसऱ्या ग्राहकाला मिळू शकतो. मिळाला असेल तर त्या माणसाला फोन करून ओटीपी मागू नका. त्याला ती फसवणूकच वाटणार, आणि ते बरोबरही आहे. अशा वेळी पुराव्यांचा फॉर्म हाच मार्ग.

माइनक्राफ्ट आणि मोबाइलवरचे गेम

माइनक्राफ्टची जावा एडिशन (कॉम्प्युटरवरची एक आवृत्ती) मोजांगच्या, म्हणजे हा गेम बनवणाऱ्या कंपनीच्या, जुन्या खात्यावर घेतली असेल तर आधी हे तपासा: ते खातं मायक्रोसॉफ्टच्या खात्यात हलवलं होतं का? त्याची मुदत १९ सप्टेंबर २०२३ ला संपली. पुढे सवलत मिळाली तीही १८ डिसेंबर २०२३ ला संपली. त्यानंतर न हलवलेल्या खात्यातला गेम नव्यानंच घ्यावा लागतो. ‘जुनं खातं हलवून देतो’ म्हणून पैसे मागणाऱ्याला एक रुपयाही देऊ नका.

हलवलं असेल पण पासवर्ड गेला असेल, तर मायक्रोसॉफ्टचा रिकव्हरी फॉर्म भरा. नेहमीच्या कॉम्प्युटरवरून, नेहमीच्या जागेवरून भरा. त्यात जुने पासवर्ड आणि पाठवलेल्या मेलचे विषय विचारतात. उत्तर चोवीस तासांत येतं आणि दिवसात दोनदाच प्रयत्न करता येतो, म्हणून पहिला प्रयत्न घाईत वाया घालवू नका. टू-स्टेप व्हेरिफिकेशन (पासवर्डनंतर आणखी एक कोड मागणारी सोय) चालू असेल तर हा फॉर्म चालत नाही.

प्ले स्टोअरवर घेतलेला गेम एका जीमेलवरून दुसऱ्यावर नेता येत नाही. पण जुनं जीमेल आठवत असेल तर तेच नव्या फोनमध्ये दुसरं खातं म्हणून जोडा आणि प्ले स्टोअरमध्ये वरच्या कोपऱ्यातलं चित्र दाबून त्या खात्यावर जा. गेम पुन्हा पैसे न देता उतरतो. दोन वर्षं न वापरलेलं खातं गूगल काढून टाकू शकतं, म्हणून हे लांबवू नका. पबजी मोबाइलमधली जुनी खरेदी बीजीएमआयमध्ये, म्हणजे त्याच्या भारतातल्या आवृत्तीत, नेण्याची खिडकी मात्र ३१ डिसेंबर २०२१ ला बंद झाली.

खातं मिळाल्यावर

त्याच बैठकीत ईमेल, फोन आणि पासवर्ड बदला आणि नवा रिकव्हरी कोड पासबुकाच्या मागच्या पानावर लिहा. मग गेम उतरवायचा. रोज दीड जीबीच्या रिचार्जवर चाळीस जीबीचा गेम उतरवायला महिना जातो, आणि मध्येच लाइन गेली की तेही अडतं. तोच गेम मित्राकडे स्टीमवर असेल तर त्याच्या स्टीमॲप्स फोल्डरातल्या ‘कॉमन’ नावाच्या फोल्डरमधून गेमचा पूर्ण फोल्डर पेनड्राइव्हवर घ्या. पेनड्राइव्ह एक्सफॅटमध्ये फॉरमॅट केलेला हवा, फॅट३२ वर चार जीबीपेक्षा मोठी फाइल बसत नाही. तो फोल्डर आपल्याकडे त्याच जागी ठेवा आणि मग इन्स्टॉल दाबा. स्टीम आधी असलेल्या फाइली तपासतं आणि कमी पडेल तेवढंच नेटवरून घेतं.