१८ इनिंगच्या दोन रात्री: २०१८ कुठली आणि २०२५ कुठली?

वर्ल्ड सिरीजचा, म्हणजे अमेरिकी बेसबॉलच्या अंतिम मालिकेचा (आधी चार सामने जिंकेल तो विजेता), तिसरा सामना. ऑक्टोबरचा शेवटचा आठवडा, लॉस एंजेलिसचं डॉजर स्टेडियम. खेळ ९ इनिंगमध्ये संपायला हवा होता, तो १८ पर्यंत जातो. अठराव्या इनिंगमध्ये डॉजर्सचा पहिलाच बॅटर, डावखुरा, तीन बॉल (बाहेर पडलेले चेंडू; चार झाले की पहिला बेस फुकट) आणि दोन स्ट्राइक (तीन झाले की बाद) झालेले असताना होम रन (आपल्या षटकारासारखा थेट मैदानाबाहेर फटका) मारतो आणि यजमान एका धावेने जिंकतात.

सांगा, हे वर्ष कोणतं?

२०१८ म्हणालात तर बरोबर. २०२५ म्हणालात तरी बरोबर. बेसबॉल अधूनमधून पाहणाऱ्यांची या दोन सामन्यांत गल्लत होते, यात नवल नाही. दोन्हीकडे दहाव्या इनिंगमध्ये पाहुण्या संघाचा राखीव धावपटू होम प्लेटवर, म्हणजे धाव पूर्ण होते तिथेच, बाद झाला, इथपर्यंत साम्य आहे. २०१८मध्ये बोस्टन रेड सॉक्सच्या इयान किन्सलरला कोडी बेलिंजरच्या सेंटर फील्डमधल्या थ्रोने गारद केलं; २०२५मध्ये टोरोंटो ब्लू जेजच्या डेव्हिस श्नायडरला आउटफील्डमधून टॉमी एडमनमार्गे आलेल्या चेंडूने. दोन्ही रात्री डॉजर्सचे मॅनेजर डेव्ह रॉबर्ट्सच होते.

मग ‘प्लेऑफमधला (नियमित हंगामानंतरच्या बाद फेऱ्यांमधला) सर्वांत लांब सामना कोणता’ असं विचारलं की वाद सुरू होतो, कारण लांबी दोन गोष्टींनी मोजतात: इनिंगने आणि घड्याळाने. इनिंगने मोजलं तर दोघे बरोबरीत. घड्याळाने मोजलं तर २०१८चा सामना ७ तास २० मिनिटांचा आणि २०२५चा ६ तास ३९ मिनिटांचा. ही ४१ मिनिटं गेली कुठे, त्यात खरी गंमत आहे.

क्रिकेटवर वाढलेल्यांसाठी एक गोष्ट आधी सांगून टाकतो. बेसबॉलच्या एका इनिंगमध्ये दोन्ही संघ एकेकदा बॅटिंग करतात, पाहुणे आधी, यजमान नंतर, आणि तीन बाद झाले की बाजू बदलते. नऊ इनिंगनंतर बरोबरी असेल तर दहावी, अकरावी असं चालूच राहतं. सुपर ओव्हर नाही, चौकार मोजणं नाही. पाहुण्यांची पाळी झाल्यावर यजमानांनी आघाडी घेतली की तिथल्या तिथे खेळ खलास. २०२०पासून नियमित हंगामात जादा इनिंग सुरू होतानाच एक धावपटू दुसऱ्या बेसवर फुकटात उभा करतात, म्हणजे धाव लवकर निघते आणि सगळे घरी जातात. प्लेऑफमध्ये मात्र ही सवलत नाही. म्हणूनच असे मॅरेथॉन सामने आता ऑक्टोबरातच बघायला मिळतात.

आधी २०१८. तारीख २६ ऑक्टोबर, शुक्रवार संध्याकाळ. आपल्याकडे शनिवारची पहाट. दूधवाला येऊन गेला तेव्हा सुरू झालेला खेळ आपल्या घड्याळात दुपारी एकला संपला. हा सामना धावांच्या बाबतीत महाकंजूष होता. डॉजर्सच्या वॉकर ब्यूलर या पिचरने (गोलंदाजाने) सात इनिंगमध्ये एकही धाव दिली नाही. जॉक पीडरसनच्या होम रनने १-० आघाडी होती, ती आठव्या इनिंगमध्ये जॅकी ब्रॅडली ज्युनियरने केन्ली जॅन्सनला होम रन मारून फेडली. मग १-१वर सगळं गोठलं. तेराव्या इनिंगमध्ये दोन्ही संघांना एकेक धाव मिळाली आणि दोन्ही धावा चुकीच्या थ्रोमुळे, म्हणजे बॅटने कमावलेलं कोणाचंच काही नाही. पंधराव्यात मॅक्स मन्सीचा फटका हद्दीच्या खांबाच्या जरासा बाहेरून गेला, नाहीतर तिथेच संपलं असतं. शेवटी अठराव्यात त्याच मन्सीने डाव्या बाजूच्या आउटफील्डपलीकडे चेंडू धाडला. ३-२. स्थानिक वेळ मध्यरात्री साडेबारा.

पण त्या रात्रीचा माझ्या लेखी नायक हरलेल्या संघातला आहे: नेथन ईओवाल्डी. तो आधीच्या दोन्ही सामन्यांत पिचिंग करून आला होता आणि चौथ्या सामन्याची सुरुवात त्याने करायची होती. बाराव्या इनिंगमध्ये त्याला आणलं आणि तो सहाहून जास्त इनिंग, ९७ चेंडू टाकत राहिला. मन्सीचा होम रन त्याच्याच सत्त्याण्णवाव्या चेंडूवर. रेकॉर्डबुकात त्याच्या नावापुढे पराभव लागला; बोस्टनच्या ड्रेसिंग रूममध्ये मात्र त्याची किंमत सगळ्यांना कळली होती.

२०२५ची रात्र, २७ ऑक्टोबर, अगदी वेगळ्या जातीची. इथे पहिल्या सात इनिंगमध्येच दहा धावा पडल्या. टिओस्कर हर्नांडेझ आणि शोहेई ओतानी यांच्या होम रननी डॉजर्स २-० पुढे. चौथ्यात अलेहांद्रो कर्कच्या तीन धावांच्या होम रनसह टोरोंटोच्या चार. पाचव्यात पुन्हा ४-४. सातव्यात टोरोंटो ५-४. त्याच इनिंगमध्ये ओतानीचा दुसरा होम रन, ५-५. आणि त्यानंतर दहा इनिंगभर कोणाचीही धाव नाही.

ओतानी त्या रात्री नऊ वेळा बॅटिंगला आला आणि नऊच्या नऊ वेळा बेसवर पोहोचला. दोन होम रन, दोन डबल (दुसऱ्या बेसपर्यंत नेणारे फटके), पाच वॉक (फुकटात मिळालेला पहिला बेस). प्लेऑफच्या इतिहासात असं कधीच घडलेलं नव्हतं. दुसऱ्या होम रननंतर टोरोंटोने त्याला खेळू देणंच बंद केलं. बेस रिकामे असले तरी त्याला पहिल्या बेसवर मुद्दाम पाठवायचं, नववी, अकरावी, तेरावी, पंधरावी, ओळीने. २०१७पासून यासाठी चार चेंडू टाकावे लागत नाहीत, मॅनेजरने डगआउटमधून खूण केली की काम झालं. गल्लीत ‘याला बॅटिंगच देऊ नका रे’ म्हणतात, त्याचं हे अधिकृत रूप. सतराव्यात खूण केली नाही, तरी चार चेंडूंत वॉकच मिळाला.

इथेही एक अनपेक्षित पिचर उगवला, फक्त या वेळी जिंकलेल्या बाजूला. विल क्लाइन हे नाव सामन्याआधी डॉजर्सच्या चाहत्यांतही फारसं कोणाच्या तोंडी नव्हतं. त्याने शेवटच्या चार इनिंग, ७२ चेंडू टाकले आणि एकही धाव दिली नाही. टोरोंटोच्या एरिक लाउअरनेही जवळपास तितकाच वेळ डॉजर्सना रोखलं होतं. अठराव्या इनिंगमध्ये ब्रेंडन लिटलच्या चेंडूवर फ्रेडी फ्रीमनने सेंटर फील्डपलीकडे होम रन मारला. ६-५. स्थानिक वेळ रात्री ११ वाजून ५० मिनिटं; तारीख बदलायला दहा मिनिटं बाकी.

क्लेटन कर्शॉ दोन्ही रात्री खेळला. २०१८मध्ये, जेव्हा नॅशनल लीगच्या मैदानांवर पिचरलाही बॅटिंग करावी लागायची आणि संघाकडचे बॅटर संपले होते, तेव्हा तो सतराव्या इनिंगमध्ये हातात बॅट घेऊन उतरला. २०२५मध्ये निवृत्ती आधीच जाहीर केलेला कर्शॉ बाराव्यात आला, तिन्ही बेस भरलेले, दोन बाद. त्याने एका बॅटरला बाद केलं आणि परत गेला. त्याच्या कारकिर्दीतला तो शेवटचा बॅटर ठरला.

आता त्या ४१ मिनिटांकडे. सहज वाटेल की २०२५मध्ये खेळ कमी झाला असेल. उलट आहे. २०१८मध्ये दोन्ही संघांनी मिळून ५६१ चेंडू टाकले, २०२५मध्ये ६०९. पिचर १८च्या जागी १९ वापरले. धावा दुपटीहून जास्त. काम जास्त, वेळ कमी. साधा भागाकार करा: २०१८मध्ये दर चेंडूमागे सुमारे ४७ सेकंद, २०२५मध्ये सुमारे ३९. यात बाजू बदलतानाचा, पिचर बदलतानाचा आणि जाहिरातींचा वेळही धरलेला आहे, पण तो दोन्हीकडे आहे. २०१८च्या संथ चालीने ६०९ चेंडू टाकले असते तर सामना आठ तासांच्या उंबरठ्यावर गेला असता.

फरक पडला तो पिच क्लॉकमुळे. २०२३च्या हंगामापासून पिचरला बेस रिकामे असताना १५ सेकंदांत चेंडू टाकावा लागतो. बेसवर कोणी असेल तर आधी २० सेकंद होते, २०२४पासून १८. उशीर केला तर बॅटरला एक बॉल फुकट, बॅटरने उशीर केला तर त्याच्यावर एक स्ट्राइक. त्याआधी पिचर मैदानातल्या त्याच्या उंचवट्यावर उभा राहून टोपी नीट करायचा, कॅचरच्या खुणांना मान हलवायचा, बॅटर बाहेर येऊन ग्लोव्हचे पट्टे घट्ट करायचा, आणि प्रेक्षक तिसऱ्यांदा चहा आणायला उठायचा. २०१८च्या ७ तास २० मिनिटांमध्ये ही सगळी टंगळमंगळ जमा आहे. म्हणून ‘घड्याळाने सर्वांत लांब’ हा विक्रम काही प्रमाणात एका संपलेल्या सवयीचा विक्रम आहे. खेळ म्हणून मला २०२५ सरस वाटतो. सहनशक्तीची परीक्षा म्हणून २०१८ला तोड नाही.

अर्थात सगळं श्रेय घड्याळाला देणंही चूक ठरेल. प्लेऑफमध्ये १८ इनिंगचे आणखी तीन सामने झाले आहेत आणि तिन्ही २०२५हून कमी वेळात संपले, तेही पिच क्लॉक नसताना. २००५मध्ये ह्यूस्टन आणि अटलांटा ५ तास ५० मिनिटं खेळले, तेव्हा रॉजर क्लेमेन्ससारखा दिग्गज शेवटच्या तीन इनिंग टाकायला बुलपेनमधून (राखीव पिचर हात गरम करतात तिथून) आला आणि क्रिस बर्कच्या होम रनने ह्यूस्टन जिंकलं. २०१४मध्ये सॅन फ्रान्सिस्कोने वॉशिंग्टनला ६ तास २३ मिनिटांत हरवलं. २०२२मध्ये सिएटलमध्ये सतरा इनिंग शून्यावर गेल्या; मग हेरेमी पेन्याच्या एका होम रनने ह्यूस्टन १-० जिंकलं, ६ तास २२ मिनिटांत. चेंडू किती पडले, बेसवर किती माणसं अडकून राहिली, पिचर कितीदा बदलले, या सगळ्याचं ओझं वेळेवर पडतं.

आणि फार मागे गेलं तर वेळेचा हिशोबच वेगळा दिसतो. १९१६च्या वर्ल्ड सिरीजमध्ये बोस्टनचा पिचर बेब रूथ, हो तोच, पुढे होम रनसाठी गाजलेला, ब्रुकलिनविरुद्ध सगळ्या १४ इनिंग एकटा टाकत राहिला आणि सामना २ तास ३२ मिनिटांत २-१ असा संपला. १९३९च्या वर्ल्ड सिरीजचे चारही सामने मिळून ७ तास ५ मिनिटं लागली होती. २०१८चा एक सामना त्या अख्ख्या सिरीजहून पंधरा मिनिटांनी मोठा.

आणखी एक गल्लत जाता जाता दूर करतो. ३३ इनिंगचा जो सामना सांगितला जातो तो १९८१चा, पॉटकेट आणि रोचेस्टर यांच्यातला, मायनर लीगच्या नियमित हंगामातला. एप्रिलमध्ये सुरू होऊन जूनमध्ये संपलेला. मेजर लीगमधला २६ इनिंगचा सामना १९२०चा, तोही नियमित हंगामातला, अंधार पडल्यावर १-१वर थांबवलेला. प्लेऑफच्या यादीत या दोघांना जागा नाही. तिथे छत अजून १८चंच आहे.

राहिला प्रश्न या रात्रींनी पुढे काय केलं याचा. इथे दोन्ही वर्षं आधी चक्रावून टाकतात, कारण दोन्ही वेळा डॉजर्स हा सामना जिंकून पुढचे दोन्ही हरले. २०१८मध्ये चौथ्यात त्यांची ४-० आघाडी होती, ती बोस्टनने मोडली आणि ९-६ने जिंकले. पाचवाही घेऊन सिरीज खिशात घातली. २०२५मध्ये चौथा ६-२, पाचवा ६-१, दोन्ही टोरोंटोचे. फरक आधीच्या खात्यात होता. २०१८मध्ये डॉजर्स त्या रात्रीत उतरले तेव्हा ०-२ मागे होते, म्हणून पाचव्या सामन्यातच संपलं. २०२५मध्ये १-१ होतं, म्हणून सहावा सामना खेळायला टोरोंटोला जाता आलं.

आणि एक पिचर शिल्लक होता. फ्रीमनने होम रन मारला तेव्हा डॉजर्सच्या बुलपेनमध्ये योशिनोबू यामामोतो हात गरम करत होता. दोनच दिवसांपूर्वी तो दुसरा सामना एकट्याने पूर्ण टाकून आला होता. एकोणिसावी इनिंग झाली असती तर त्याच्यावर ईओवाल्डीची पाळी आली असती. ती आली नाही. सहावा सामना त्याने सुरू केला आणि जिंकला, आणि दुसऱ्याच दिवशी, ११ इनिंग चाललेल्या सातव्या सामन्यात, शेवटचे आठही बाद त्यानेच घेतले.