'घाशीराम कोतवाल'वर सरकारने बंदी घातली होती का?

नाही. तरीही 'सरकारने बंदी घातलेलं नाटक' हा शिक्का त्याच्यावर अजून मारला जातो.

विजय तेंडुलकरांचं हे नाटक पुण्यात १६ डिसेंबर १९७२ रोजी 'प्रोग्रेसिव्ह ड्रामॅटिक असोसिएशन'ने रंगमंचावर आणलं. दिग्दर्शक जब्बार पटेल, संगीत भास्कर चंदावरकर. नाना फडणवीसांची बदनामी, ब्राह्मणांची बदनामी असा गदारोळ उठला. १९ प्रयोगांनंतर नाटक थांबलं, पण थांबवलं ते खुद्द संस्थेच्या नेतृत्वाने. नाराज कलावंत बाहेर पडले, १९७३ मध्ये त्यांनी 'थिएटर अकॅडमी' काढली आणि १९७४ पासून प्रयोग पुन्हा सुरू झाले. सरकारी बंदी असती, तर नुसती संस्था बदलून पडदा उघडला नसता.

गोंधळ बहुधा 'सखाराम बाइंडर'मुळे होतो. तेही तेंडुलकरांचंच, तेही १९७२चं. तिथे मात्र अडथळा खरोखर सरकारी होता. महाराष्ट्रात नाटकाची संहिता आधी परिनिरीक्षण मंडळाकडे, म्हणजे नाटकांच्या सरकारी सेन्सॉर मंडळाकडे, द्यावी लागते. प्रमाणपत्राशिवाय जाहीर प्रयोग करता येत नाही. मंडळाशी वाद झाला, दिग्दर्शक कमलाकर सारंग उच्च न्यायालयात गेले आणि जिंकले.

हा फरक महत्त्वाचा आहे. मंडळाच्या आदेशाला कोर्टात आव्हान देता येतं. आपल्याच संस्थेने घाबरून घेतलेल्या निर्णयाविरुद्ध कोणत्या कोर्टात जायचं? 'घाशीराम'च्या वेळी सगळा दोष सरकारवर टाकला, की ही घरातली माघार दिसेनाशी होते, आणि नोकऱ्या-संसार सांभाळून नवी संस्था उभारणाऱ्यांचं श्रेयही.