भाजल्यावर पाणी : एका साध्या उपचाराला लागलेला उशीर

दिवाळीत फुलबाजीची तापलेली तार हाताला चिकटली किंवा वाकून पाहत असताना भुईनळा उडाला, की घरात धावाधाव होते ती टूथपेस्ट, हळद, शाई किंवा बर्नॉलसाठी. पाणी लावले तर फोड येतो, हा समज आपल्याकडे पक्का रुजलेला आहे, आणि त्याला केवळ अडाणीपणा म्हणून चालणार नाही, कारण भाजलेल्या जागेवर थंड उपचार करावा की उष्ण, हा वाद फार जुना आहे.

सुश्रुतसंहितेच्या सूत्रस्थानातील बाराव्या अध्यायात भाजण्याचे प्लुष्ट, दुर्दग्ध, सम्यग्दग्ध आणि अतिदग्ध असे चार प्रकार सांगितले आहेत. त्वचा नुसती होरपळून तिचा रंग बदलला, तर ते प्लुष्ट. त्यावर ग्रंथकार चक्क शेक सांगतो, कारण थंड पाण्याने रक्त थिजते आणि उष्णानेच आराम पडतो, असा त्याचा तर्क आहे. फोड आलेल्या दुर्दग्धावर मात्र तूप, लेप आणि सेचन थंडच असावे, असे तोच सांगतो. आजच्या लोकसमजाचा धागा थेट येथवर नेता येणार नाही; तरी थंडाविषयीची साशंकता किती जुनी आहे, हे यावरून कळते.

बंदुकीच्या दारूने होणाऱ्या भाजण्याचा प्रश्न अर्थातच पुष्कळ नंतरचा. सोळाव्या शतकातील फ्रेंच शल्यवैद्य आंब्रुआझ पारे याच्याकडे दारूची पिशवी पेटून तोंड भाजलेला एक जर्मन शिपाई आला, तेव्हा त्याने चेहऱ्याच्या एका बाजूला ठेचलेला कांदा आणि दुसऱ्या बाजूला नेहमीची औषधे लावली. कांद्याच्या बाजूला फोड आले नाहीत, असे त्याने नोंदवले आहे. एका माणसावरून काय सिद्ध होणार, हे खरे. पण दोन उपचार शेजारीशेजारी ठेवून पाहण्याची दृष्टी त्या काळात विरळाच होती.

१७९९ मध्ये इंग्लंडमधील शल्यवैद्य जेम्स अर्ल याने बर्फ आणि गार पाण्याचा पुरस्कार केला, परंतु तो सर्वमान्य झाला नाही. उलट १९२५ नंतर कातडे कमावण्याच्या टॅनिक आम्लाने जखमेवर कडक खपली धरवण्याची पद्धत जगभर पसरली आणि दुसऱ्या महायुद्धात बोटे आवळली जाणे, यकृताला अपाय होणे असे दुष्परिणाम दिसल्यावर ती मागे पडली. १९५९ च्या सुमारास आइसलँडमधील डॉक्टर ओफेगसन यांनी प्रयोगांच्या आधारे थंड पाण्याचा उपयोग पुन्हा मांडला, आणि पुढील संशोधनाने त्याला बळकटी दिली.

भाजलेला भाग नळाच्या साध्या गार, वाहत्या पाण्याखाली २० मिनिटे धरावा, ही आज अनेक देशांत दिली जाणारी सूचना याच वाटेने आली. भाजल्यापासून तीन तासांच्या आत केले तरी त्याचा फायदा होतो. पाणी त्वचेत साठलेली उष्णता काढून घेते. टूथपेस्टचा थर ती काढून घेत नाही, शिवाय जखम किती खोल आहे हे डॉक्टरांना पाहू देत नाही. बर्फ थेट लावल्यास आधीच दुखावलेल्या त्वचेला आणखी इजा होते, म्हणून अर्लच्या शिफारशीतला बर्फ गळाला आणि पाणी तेवढे राहिले.