लाटेवरची फळी कॅलिफोर्नियाची नव्हे

‘सर्फिंग (फळीवरून समुद्राच्या लाटांवर घसरण्याचा खेळ) हा १९६० च्या सुमारास कॅलिफोर्नियातील रिकामटेकड्या तरुणांनी शोधलेला खेळ आहे,’ असा मजकूर वर्षानुवर्षे फिरतो आहे. त्या काळातील चित्रपट, गाणी आणि फोमच्या हलक्या फळ्या यांमुळे हा खेळ जगभर पोहोचला, त्यामुळे असा समज होणे स्वाभाविकच आहे.

परंतु १७७९ मध्ये हवाई बेटांवर थांबलेल्या ब्रिटिश जहाजावरील अधिकाऱ्याने फळीवरून लाटा कापणाऱ्या बेटवासीयांचे वर्णन लिहून ठेवले असून ते १७८४ मध्ये छापले गेले. हवाईयन भाषेत या खेळाला ‘हेए नालू’, म्हणजे लाटेवरून घसरणे, असे नाव आहे. सरदारांबरोबर सामान्य स्त्री-पुरुषही तो खेळत. सरदारांच्या लांब फळ्यांसाठी विलीविलीचे हलके लाकूड वापरत (हे झाड आपल्या पांगाऱ्याच्याच कुळातले), तर आखूड फळ्या कोआ या तिथल्याच झाडाच्या किंवा नीरफणसाच्या असत. खेळून झाल्यावर फळी उन्हात वाळवून, खोबरेल चोळून, अनेकदा कापडात गुंडाळून घरातच टांगली जाई. इतकी निगा राखणाऱ्यांना रिकामटेकडे म्हणणे मला पटत नाही.

कॅलिफोर्नियात हा खेळ हवाईतूनच आला. तेथे शिकणाऱ्या तीन हवाईयन राजपुत्रांनी सांताक्रूझच्या किनाऱ्यावर रेडवूडच्या फळ्यांवर लाटा कापल्याची बातमी स्थानिक वृत्तपत्रात जुलै १८८५ मध्ये आली होती. पडताळणीसाठी ती बातमी आणि १७८४ चा प्रवासवृत्तान्त पाहावा. दोन्हींच्या तारखा १९६० च्या कितीतरी आधीच्या आहेत.