बडोद्याचं कमिशन: पहिलं की दुसरं?

आमच्या बडोद्यात, दांडिया बाजारच्या जुन्या मराठी घरांत, बडोद्याचे राजे मल्हारराव गायकवाड महाराजांचा विषय निघाला की हमखास ऐकू येतं: ‘साहेबाला विष घातलं, कमिशन बसलं आणि गादी गेली.’ यात इंग्रज सरकारच्या दोन वेगळ्या चौकशी कमिशनांची सरमिसळ झाली आहे, आणि खरा अन्याय त्या सरमिसळीतच झाकला जातो.

पहिलं कमिशन १८७३ चं, कर्नल मीड यांच्या अध्यक्षतेखालचं. विषय राज्यकारभार. रयतेच्या तक्रारींत तथ्य होतं, ते नाकारू नये. व्हाइसरॉय नॉर्थब्रुक यांनी सुधारणेसाठी ३१ डिसेंबर १८७५ पर्यंत मुदत दिली.

दुसरं १८७५ चं, विषप्रयोगाचं. ९ नोव्हेंबर १८७४ च्या सकाळी बडोद्यातले इंग्रज सरकारचे प्रतिनिधी, म्हणजे रेसिडेंट, कर्नल फेर फिरून आले आणि पपनसाच्या सरबताचे दोन-तीन घोट घेतले. कसंसंच व्हायला लागलं म्हणून उरलेलं ओतून दिलं, तर पेल्याच्या तळाशी काळपट गाळ! तपासणीत त्यात सोमल आणि हिऱ्याची पूड निघाली.

विष महाराजांनीच घालायला लावलं, या आरोपावरून त्यांना अटक झाली. कमिशनवर तीन इंग्रज आणि तीन हिंदी: ग्वाल्हेरचे जयाजीराव शिंदे, जयपूरचे महाराज आणि सर दिनकरराव. इंग्रजांत पुन्हा तेच मीड! ज्यांनी आधीच महाराजांविरुद्ध अहवाल दिला, तेच आता निवाड्याला बसले. मला यातलं हेच सर्वांत खटकतं.

पुराव्याचा कणा म्हणजे रेसिडेंटच्या नोकरीतला रावजी हवालदार आणि महाराजांचे खासगी चिटणीस दामोदरपंत यांच्या साक्षी. दोघांनाही माफीचं वचन मिळालेलं. तिन्ही इंग्रजांनी आरोप खरा मानला, तिन्ही हिंदी सभासदांना तो सिद्ध वाटला नाही. साक्षी त्याच, मतं मात्र नेमकी वर्णावर दुभंगली. शिंदे आणि जयपूरकरांना स्वतःच्या गादीची धास्ती असेल, असं कुणी म्हणेल. पण दिनकरराव संस्थानिक नव्हते. ते ग्वाल्हेरचे माजी दिवाण, आणि सरकारच्या विश्वासातले.

कोर्टात अशा वेळी संशयाचा फायदा आरोपीला मिळतो. पण हे कोर्ट नव्हतं. कमिशनने मत द्यायचं, निर्णय सरकारने घ्यायचा. एप्रिल १८७५ मध्ये सरकारने महाराजांना पदच्युत केलं, ते विषप्रयोगासाठी नव्हे, गैरकारभारासाठी. म्हणजे दुसऱ्या कमिशनात जे सिद्ध झालं नाही, त्याची शिक्षा पहिल्याच्या नावावर दिली गेली. त्या पहिल्याची मुदत संपायला अजून आठ महिने होते.