बीटा-रोधक औषधे

बीटा-रोधक औषधे : ॲड्रेनलिन व नॉरॲड्रेनलिन या उत्तेजक द्रव्यांना हृदयाच्या व इतर काही अवयवांच्या पेशींवरील बीटा ग्राहींशी (संदेश स्वीकारणाऱ्या रेणूंशी) जोडले जाऊ न देणारा औषधांचा गट. रोजच्या बोलण्यात यांना बीटा ब्लॉकर म्हणतात. प्रोप्रॅनोलॉल, ॲटेनोलॉल, मेटोप्रोलॉल, बिसोप्रोलॉल, कार्व्हेडिलॉल, नेबिव्होलॉल आणि लॅबेटॅलॉल ही त्यांतील भारतात सर्रास मिळणारी औषधे होत. उच्च रक्तदाब, हृद्‌शूल (हृदयाला रक्त कमी पडल्याने छातीत येणारी कळ), हृदयविकाराचा झटका, ठोक्यांची अनियमितता आणि हार्ट फेल्युअर (हृदयाची रक्त पुढे ढकलण्याची शक्ती कमी पडणे) या विकारांत ती वापरतात. पन्नास वर्षांत या औषधांचे उपचारातील स्थान बरेच बदलले. रक्तदाबात ते आक्रसले, तर एके काळी जेथे ती निषिद्ध मानली जात त्या हार्ट फेल्युअरमध्ये ती अनिवार्य ठरली.

क्रिया : श्रम, भीती, वेदना किंवा रक्तस्राव अशा प्रसंगी शरीराला सज्ज करणारे अनुकंपी तंत्रिका तंत्र जागे होते. तंत्रिकांच्या टोकांतून नॉरॲड्रेनलिन आणि मूत्रपिंडांवरील अधिवृक्क ग्रंथींतून ॲड्रेनलिन बाहेर पडते. हृदयाच्या पेशींवर प्रामुख्याने बीटा-१ ग्राही असतात. ते उत्तेजित झाले की पेशीत चक्रीय एएमपी हे संदेशवाहक द्रव्य वाढते, कॅल्शियम अधिक प्रमाणात आत येते, ठोके जलद होतात आणि आकुंचनाचा जोर वाढतो. मूत्रपिंडातील रेनिन (रक्तदाब वाढवणारी साखळी सुरू करणारे द्रव्य) स्रवणाऱ्या पेशींवरही बीटा-१ ग्राहीच असतात. श्वासनलिका आणि स्नायूंतील रक्तवाहिन्या यांच्यावर मुख्यतः बीटा-२ ग्राही असतात व त्यांच्या उत्तेजनाने या नलिका सैलावतात. प्रोप्रॅनोलॉल दोन्ही प्रकारचे ग्राही अडवते, म्हणून दम्याच्या रोग्यास ते घातक ठरू शकते. ॲटेनोलॉल, मेटोप्रोलॉल व बिसोप्रोलॉल ही हृदयनिवडक, म्हणजे मुख्यतः बीटा-१ ग्राहीच अडवणारी, औषधे आहेत. मात्र मात्रा वाढवत नेली की ही निवडकता कमी होते. कार्व्हेडिलॉल व लॅबेटॅलॉल यांत रक्तवाहिन्या आवळणारे अल्फा ग्राही रोखण्याचा गुणही आहे आणि नेबिव्होलॉल नायट्रिक ऑक्साइडमार्फत रक्तवाहिन्या शिथिल करते.

इतिहास : ग्राहींचे अल्फा व बीटा असे दोन वर्ग करण्याची कल्पना अमेरिकेतील रेमंड आल्क्विस्ट यांनी १९४८ मध्ये मांडली. एका नियतकालिकाने नाकारलेला हा निबंध दुसऱ्याने छापला, तरी दहा वर्षे त्याकडे फारसे कोणी पाहिले नाही. त्याच सुमारास, १९४९ मध्ये, मुंबईचे हृदयरोगतज्ज्ञ रुस्तम जाल वकील यांनी सर्पगंधेच्या मुळीने रक्तदाब उतरतो हे ब्रिटिश हार्ट जर्नलमधून जगापुढे ठेवले. सर्पगंधेतील रेसर्पिन हे द्रव्य १९५२ मध्ये वेगळे करण्यात आले. ते तंत्रिकांच्या टोकांतील नॉरॲड्रेनलिनचा साठाच रिकामा करते. उत्तेजक द्रव्याचा परिणाम कमी केला तर रक्तदाब उतरतो, हे अशा रीतीने ग्राही अडवणारे औषध हाती येण्यापूर्वीच दिसून आले होते. बीटा-रोधकांच्या इतिहासात रुस्तम वकील यांचे नाव सहसा येत नाही. ते यायला हवे.

बीटा ग्राही अडवणारे पहिले संयुग, डायक्लोरोआयसोप्रेनलिन, १९५८ मध्ये पॉवेल व स्लेटर यांनी वर्णन केले. ते स्वतःच ग्राहींना काहीसे उत्तेजित करीत असल्याने औषध म्हणून निरुपयोगी ठरले. आयसीआय या कंपनीत संशोधन करणारे स्कॉटिश शास्त्रज्ञ जेम्स ब्लॅक यांचा विचार वेगळ्या दिशेने चालला होता. हृद्‌शूलात हृदयाला ऑक्सिजन कमी पडतो. तेव्हाचे प्रयत्न पुरवठा वाढवण्याचे होते. ब्लॅक यांनी हृदयाची मागणीच कमी करायचे ठरवले. त्यातून आधी प्रोनेथॅलॉल निघाले. उंदरांत त्याने गाठी होतात असे आढळल्यावर ते मागे पडले आणि प्रोप्रॅनोलॉल पुढे आले. या शोधाचे वर्ष काही ग्रंथ १९६२ देतात, काही १९६४. संयुग प्रयोगशाळेत तयार होणे आणि त्याचा वृत्तांत लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध होणे या दोन घटनांमधले हे अंतर असावे. वैद्यकाला औषध ज्ञात झाले ते १९६४ मध्ये, म्हणून तेच वर्ष धरणे अधिक योग्य वाटते. ब्लॅक यांना १९८८ चे नोबेल पारितोषिक गर्ट्रूड एलियन व जॉर्ज हिचिंग्ज यांच्यासमवेत मिळाले.

रक्तदाबावरील उपयोग हा ब्लॅक यांचा हेतू नव्हता. हृद्‌शूलाच्या रोग्यांना ही औषधे देताना त्यांचा रक्तदाबही उतरतो, हे लंडनमधील ब्रायन प्रिचर्ड यांच्या ध्यानात आले आणि गिलम यांच्यासह त्यांनी १९६४ मध्ये ते प्रसिद्ध केले. अनेकांना हे पटेना, कारण रक्तवाहिन्या न सैलावता, उलट सुरुवातीला काहीशा आवळून, एखादे औषध रक्तदाब कसा उतरवील हा प्रश्न होता. हृदयनिवडक प्रॅक्टोलॉल १९७० मध्ये आले, पण डोळे, त्वचा व उदरावरण यांवरील गंभीर दुष्परिणामांमुळे काही वर्षांतच त्याचा नित्य वापर बंद झाला. ॲटेनोलॉल व मेटोप्रोलॉल १९७० च्या दशकाच्या मध्यास बाजारात आली.

रक्तदाब उतरण्याचे कारण : याविषयी आजही एकमत नाही. पहिले मत असे की, ठोके व आकुंचनाचा जोर कमी झाल्याने हृदयातून दर मिनिटाला बाहेर पडणारे रक्त घटते आणि म्हणून दाब उतरतो. यातली अडचण काळाची आहे. ठोके पहिल्या मात्रेनंतर काही तासांत मंदावतात, पण रक्तदाब पुरता उतरायला दिवस, कधी आठवडे लागतात.

दुसरे मत रेनिनचे. मूत्रपिंडातील बीटा-१ ग्राही अडवले की रेनिन कमी स्रवते, अँजिओटेन्सिन कमी बनते आणि रक्तवाहिन्या कमी आवळल्या जातात. ब्यूलर, लॅरा व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७२ मध्ये दाखवले की, ज्यांचे रेनिन जास्त त्यांच्यात प्रोप्रॅनोलॉलचा गुण अधिक येतो. आहारात मीठ भरपूर असेल तर रेनिन दबलेले असते आणि वाढत्या वयातही ते कमी होते. वृद्धांमध्ये ही औषधे एकटी दिली तर तोकडी का पडतात, हे यावरून समजते. पापड, लोणचे, ठेचा आणि शेवभाजी जेथे रोजच्या जेवणात आहे त्या खानदेशातही हा मुद्दा लक्षात घेण्याजोगा आहे. परंतु पिंडोलॉल हे बीटा-रोधक रेनिन फारसे न घटवताही रक्तदाब उतरवते, तेव्हा एवढ्याने उलगडा होत नाही.

तिसरे मत मेंदूतील केंद्रांवरील परिणामाचे. प्रोप्रॅनोलॉल मेदात विरघळते व मेंदूत सहज शिरते. ॲटेनोलॉल फारच थोडे शिरते, तरी रक्तदाब तितकाच उतरवते. त्यामुळे हे मत दुबळे ठरते. तंत्रिकांच्या टोकांवरील बीटा ग्राही अडल्याने नॉरॲड्रेनलिन कमी सुटते, असेही एक मत आहे. बहुतेक पाठ्यग्रंथ ही सगळी कारणे एकत्र देऊन थांबतात. हृदयातून निघणारे रक्त आधी घटणे, त्यानंतर रक्तवाहिन्यांचा रोध हळूहळू पूर्वपदावर येणे आणि त्यात रेनिनच्या घटीचा हातभार लागणे, हा क्रम उपलब्ध पुराव्याशी सर्वांत अधिक जुळतो.

रक्तदाबावरील उपचारातील स्थान : १९८० च्या दशकात मूत्रल (लघवी वाढवणारी) औषधे व बीटा-रोधके हाच रक्तदाबाचा पहिला उपचार होता. ब्रिटनमधील वैद्यकीय संशोधन परिषदेच्या १९८५ च्या चाचणीत प्रोप्रॅनोलॉलने धूम्रपान न करणाऱ्यांत पक्षाघात कमी झाले, धूम्रपान करणाऱ्यांत झाले नाहीत. बिडी ओढणाऱ्या रोग्याच्या दृष्टीने हा निष्कर्ष आजही मोलाचा आहे. पुढे २००२ च्या लाइफ नावाच्या चाचणीत लोसार्टन हे रक्तदाबाचे वेगळ्या गटातील औषध घेणाऱ्यांत ॲटेनोलॉल घेणाऱ्यांपेक्षा पक्षाघात सुमारे चतुर्थांशाने कमी आढळले. लिंडहोम व सहकाऱ्यांनी २००५ मध्ये अनेक चाचण्या एकत्र करून इतर औषधांच्या तुलनेत बीटा-रोधकांवर पक्षाघाताचा धोका १६ टक्के अधिक असल्याचे मांडले. ब्रिटनच्या मार्गदर्शक सूचनांनी २००६ मध्ये त्यांना पहिल्या पायरीवरून खाली आणले.

यावर दोन आक्षेप आहेत व दोन्ही वजनदार आहेत. या चाचण्यांतील मुख्य औषध ॲटेनोलॉल होते. त्याचा अर्धायुकाल (रक्तातील प्रमाण निम्मे होण्याचा काळ) ६ ते ७ तास असूनही ते बहुधा दिवसातून एकदाच दिले गेले. दुसरे असे की, ठोके मंदावल्यावर दंडावर मोजलेला दाब उतरला तरी महारोहिणीतील (हृदयातून निघणाऱ्या मुख्य रक्तवाहिनीतील) दाब तितका उतरत नाही, असे २००६ मध्ये दिसून आले. बिसोप्रोलॉल किंवा नेबिव्होलॉल यांना हा दोष कितपत लागू पडतो हे त्या चाचण्यांवरून ठरवता येत नाही. युरोपीय उच्च रक्तदाब संस्थेने २०२३ मध्ये बीटा-रोधकांना पुन्हा मुख्य औषधांत घेतले. भारतीय उच्च रक्तदाब नियंत्रण उपक्रमात ॲम्लोडिपिन, टेल्मिसार्टन व मूत्रल यांची पायरीपायरीने योजना असते. ज्या रोग्यास रक्तदाबासोबत हृद्‌शूल, झटक्याचा पूर्वेतिहास किंवा ठोक्यांचा विकार आहे, त्याच्यासाठी बीटा-रोधक हे उत्तम औषध आहे, याबद्दल मात्र दुमत नाही. गरोदरपणातील रक्तदाबात लॅबेटॅलॉल वापरतात.

हृदयविकारातील उपयोग : हृद्‌शूलात ठोके मंद झाल्याने हृदयाचा ऑक्सिजनचा खप कमी होतो. शिवाय दोन ठोक्यांमधील विश्रांतीचा काळ लांबतो आणि हृदयाच्या स्नायूला रक्त मुख्यतः याच काळात मिळत असल्याने पुरवठाही सुधारतो. झटक्यानंतरचा लाभ १९८१ मध्ये नॉर्वेतील टिमोलॉल चाचणीने आणि लगोलग अमेरिकेतील प्रोप्रॅनोलॉल चाचणीने सिद्ध केला. दुसऱ्या चाचणीत मृत्युप्रमाण ९.८ टक्क्यांवरून ७.२ टक्क्यांवर आले. त्या काळी रक्ताची गुठळी विरघळवण्याची औषधे व अँजिओप्लास्टी प्रचारात नव्हती. चीनमध्ये सुमारे ४६,००० रोग्यांवर झालेल्या व २००५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चाचणीत झटक्याच्या पहिल्या तासांत शिरेतून मेटोप्रोलॉल दिल्याने एकूण मृत्यू घटले नाहीत, काहींचा रक्तदाब मात्र धोकादायक रीतीने कोसळला. स्वीडनमधील २०२४ च्या चाचणीत, अँजिओप्लास्टीनंतर ज्यांच्या हृदयाची आकुंचनशक्ती शाबूत आहे त्यांना या औषधांचा विशेष फायदा दिसला नाही. अशा रोग्यांत ती किती काळ द्यावीत यावर सध्या वाद चालू आहे.

हार्ट फेल्युअरमधील वापराची कथा वैद्यकाच्या इतिहासात थोर मानावी लागेल. दुर्बल हृदयाची गती आणखी मंदावणे हे १९७० च्या दशकापर्यंत चुकीचे मानले जाई. स्वीडनमधील गोथेनबर्ग येथे वागस्टाइन, हाल्मारसन व सहकाऱ्यांनी १९७५ मध्ये सात रोग्यांना बीटा-रोधके देऊन सुधारणा दाखवली. ते मान्य व्हायला वीस वर्षे लागली. हृदय दुर्बल झाले की शरीर ॲड्रेनलिनचा मारा वाढवते. थकलेल्या बैलाला पराणी टोचत राहावी तसे ते होते : दोन पावले तो पुढे जातो आणि मग बसतो. हा मारा थांबवल्यावर हृदयाचा स्नायू काही महिन्यांत सावरू लागतो. बिसोप्रोलॉल व मेटोप्रोलॉल सक्सिनेट यांच्या १९९९ मधील दोन्ही चाचण्यांत मृत्यूंमध्ये ३४ टक्के घट झाली. कार्व्हेडिलॉलचाही असाच गुण सिद्ध झाला. मात्रा मात्र अगदी थोडी घेऊन सुरू करावी लागते (बिसोप्रोलॉल १.२५ मिग्रॅ., कार्व्हेडिलॉल ३.१२५ मिग्रॅ.) आणि दर दोन आठवड्यांनी वाढवत न्यावी लागते. अंगावर सूज किंवा फुप्फुसात पाणी असताना सुरुवात करीत नाहीत.

संधिज्वरानंतर हृदयाची द्विदल झडप अरुंद होण्याचा विकार भारतात अजून आढळतो. त्यात ठोके मंदावले की झडपेतून रक्त पुढे जायला वेळ मिळतो व धाप कमी होते. झडपेवरील उपचाराला हा पर्याय नव्हे.

खानदेशातील वापराच्या अंगाने : जळगाव, धुळे व नंदुरबार या तीन जिल्ह्यांत हवामान आणि रोजगार या दोहोंमुळे या औषधांबाबत विशेष काळजी लागते. जळगाव–भुसावळ पट्ट्यात मे महिन्यात तापमान ४५° से. च्या आसपास जाते. उन्हात शरीर थंड ठेवण्यासाठी त्वचेकडे रक्त वळवावे लागते व त्यासाठी ठोके वाढावे लागतात. बीटा-रोधक घेणाऱ्याचे ठोके पुरेसे वाढत नाहीत. त्याच गोळीत मूत्रलही असेल (अशा जोडगोळ्या भारतात प्रचलित आहेत) तर शरीरातील पाणी व क्षार घटून भोवळ येते. केळीच्या बागेत किंवा कपाशीच्या शेतात राबणाऱ्या रोग्याची मात्रा उन्हाळ्यापूर्वी डॉक्टरांनी पुन्हा तपासणे म्हणूनच गरजेचे आहे. गोळी मनाने बंद करणे मात्र त्याहून धोक्याचे आहे.

महिनोन्‌महिने अडवून ठेवलेल्या ग्राहींची पेशींवरील संख्या वाढते. औषध एकाएकी थांबले की नेहमीचेच ॲड्रेनलिन या वाढीव ग्राहींवर आदळते आणि धडधड, रक्तदाबाची उसळी, हृद्‌शूल, प्रसंगी झटकाही येतो. हा प्रकार १९७५ मध्ये प्रोप्रॅनोलॉल बंद केलेल्या रोग्यांत प्रथम ठळकपणे नोंदवला गेला. औषध बंद करायचेच असेल तर एक ते दोन आठवड्यांत मात्रा उतरवत आणावी लागते. नंदुरबार, धुळे व चाळीसगाव भागातील मजूर ऊसतोडीसाठी महिनोन्‌महिने गुजरातेत किंवा पश्चिम महाराष्ट्रात असतात. गोळ्या मध्येच संपतात, आणि सगळ्याच औषधांना ‘बीपीची गोळी’ हे एकच नाव असल्याने कोणती गोळी खंडित करू नये हे रोग्याला ठाऊक नसते. निघण्यापूर्वी पूर्ण मुक्कामाचा साठा आणि औषधाचे नाव लिहिलेला कागद जवळ असणे, हा यावरचा साधा व खात्रीचा उपाय होय.

मधुमेही रोग्यांत रक्तातील साखर घटल्याची धडधड व थरथर ही लक्षणे या औषधांमुळे झाकली जातात, घाम मात्र येतो. जिनिंगच्या धुळीने वा चुलीच्या धुराने छाती भरणाऱ्यांत हृदयनिवडक औषधच द्यावे. लाल विंचवाच्या दंशात ॲड्रेनलिनसदृश द्रव्यांचा लोट उसळतो. तेथे महाडचे हिंमतराव बावस्कर यांनी प्रचारात आणलेले प्राझोसिन हे अल्फा-रोधक जीव वाचवते. नुसते बीटा-रोधक दिल्यास अल्फा ग्राही मोकळे राहून रक्तवाहिन्या अधिकच आवळतात, म्हणून ते टाळतात.

अन्य उपयोग : अर्धशिशीचा प्रतिबंध, हातांचा कंप, अवटू (थायरॉइड) ग्रंथीचे अतिस्रवण, यकृताच्या जुनाट विकारातील अन्ननलिकेच्या फुगलेल्या नीला आणि, टिमोलॉलच्या थेंबांच्या रूपाने, काचबिंदू.